गळालेली लाल ओळ

मंगळवारी सकाळी सव्वासातच्या ट्राममध्ये माझ्या समोरच्या बाकावर माझे वडील बसले होते आणि त्यांच्या मांडीवर आमच्या कारखान्याचा माल होता. हॅट नीट, गळपट्टा नीट, दंडावर शेवटच्या भरतीत म्हाताऱ्यांना घेतलेल्या नागरी दलाची पट्टी, आणि छत्री धरावी तशी आडवी धरलेली ती नळी, पुढच्या टोकाला मोठ्या कांद्याएवढं बोंडूक. कागदोपत्री तिचं नाव 'पोलादी मूठ' असं भारदस्त आहे. एका माणसाने काखेत धरायची, चाप दाबायचा, समोरचा रणगाडा संपला. कागदोपत्री. शेजारच्या बाईंनी आपली सलगमची पिशवी त्या बोंडकापासून जरा लांब सरकवली, एवढंच. बाकी ट्राममध्ये कुणी मान वळवली नाही. पंचेचाळीस सालच्या एप्रिलच्या त्या आठवड्यात लाइपझिगमध्ये कशाचंच कुणाला काही वाटत नव्हतं. मला मात्र वाटलं. मी म्हणालो, "बाबा, हे काय?" ते म्हणाले, "काल सायंकाळी वाटल्या. आमच्या गल्लीच्या तुकडीला सात. वीस मिनिटं शिकवलं, तेही लाकडी नळीवर." मग चष्मा कपाळावर चढवून त्यांनी नळीचं मागचं टोक डोळ्यांजवळ आणलं. प्रुफं वाचताना ते असंच करायचे. "अर्नो," ते म्हणाले, "तुमच्याकडे खालची ओळ पडली का रे? वर दोन ओळी आहेत, खाली एका ओळीची जागा कोरी. छापणारा अशी जागा उगाच सोडत नाही."

जागा कोरी होती. मी पाहिली. पिवळट रंगावर काळ्या दोन ओळी, त्याखाली चार बोटं रिकामी. तिथे लाल अक्षरांत असायला हवं होतं: सावधान! आगीचा झोत! कारण या नळीचं वैशिष्ट्य असं की ती जितकी पुढे मारते तितकीच मागेही ओकते. पाठीमागे तीन मीटर काही नको, ना माणूस, ना भिंत. भिंत असली तर झोत भिंतीवर आपटून परत येतो तो धरणाऱ्याच्या पाठीवर. हे मला ठाऊक, कारण आराखड्यावर ती ओळ लिहिणारा मीच. पण ट्राममध्ये मी काय म्हणालो? "बघतो ऑफिसात." वर्षानुवर्षं नोकरी केलेला माणूस दुसरं काय म्हणणार! माझा थांबा आला, मी उतरलो, आणि खिडकीतून बाबांनी ती नळी किंचित उचलून मला निरोप दिला.

फाटकापासून आराखड्यांच्या हॉलपर्यंत चारशे दहा पावलं. माझा उजवा पाय आखूड, म्हणून मला पावलं मोजायची खोड, आणि त्या पायामुळेच आघाडीऐवजी हे टेबल. चालताना मी हिशेब मांडत होतो; तो मी गेली अकरा वर्षं मनातल्या मनात मांडतो आहे आणि त्याची बेरीज दरवेळी मला चीड आणते. चौतीस साली मी नोकरीला लागलो तेव्हा रणगाड्याविरुद्ध आमच्याकडे एक तोफ होती, देखणी, दोन चाकांची, तिच्यापाशी सहा माणसं. अर्ध्या किलोमीटरवरून मारायची. तिच्या ढालीच्या बोल्टांचा आराखडा मी काढला, माझं पहिलं काम. बाबांनी तो कागद बघून एका आकड्याचा पाय वाकडा आहे म्हणून सांगितलं होतं. पुढे रणगाडे जाड होत गेले आणि पोरं त्या तोफेला 'दारावरची टकटक' म्हणू लागली, कारण तिने रणगाड्याला आपण आल्याची वर्दी मिळायची, बाकी काही नाही. मग मोठी तोफ, तिच्याहून मोठी, इतकी जड की चिखलात एकदा बसली की बसली. मग पोलाद कमी पडलं आणि वरून कुणीतरी म्हणालं, हलकं काहीतरी काढा. तेव्हा लोहचुंबक लावलेला एक स्फोटक शंकू निघाला. तो माणसाने धावत जाऊन स्वतःच्या हाताने रणगाड्याला चिकटवायचा. अंतर: शून्य. त्यानंतर ही नळी. पहिली तीस मीटरची, मग साठची, आता शंभरची. आणि दरवेळी आमच्या विभागाच्या ड्रेक्सेलसाहेबांनी हॉलमध्ये टाळ्या वाजवायला लावल्या. शून्याचे तीस झाले म्हणून टाळ्या! पाचशेपासून सुरुवात केली होती हे कुणाच्या लक्षात नव्हतं, किंवा माझ्यासारखंच सगळ्यांच्या होतं. सहा माणसांच्या जागी एक. पाच माणसांची बचत. आणि तो उरलेला एक कोण, तर जूनमध्ये साठी पूर्ण होणारा मुद्रितशोधक. दोन महिन्यांनी सुटला असता. साठीपुढच्यांना दलात घेत नाहीत.

ओळ कुठे पडली हे शोधायला मला अर्धा तास पुरला. आमच्याकडे पेन्सिलींचा एक कायदा आहे. हिरवी पेन्सिल फक्त संचालकांची, लाल विभागप्रमुखांची, म्हणजे ड्रेक्सेलसाहेबांची, निळी त्यांच्या हाताखालच्याची. बाकी आम्ही सगळे काळे. ज्याने आपला रंग सोडून दुसरा वापरला तो जणू दुसऱ्याची टोपी घालून रस्त्यात फिरला. कायदा चांगलाच आहे म्हणा. कागदावर नुसता रंग बघून कळतं की घाबरायचं किती. शंभर मीटरच्या नळीचा आराखडा मी जानेवारीत काढला. लाल शाई संपलेली, डिसेंबरपासून मागणी पडून. तळाची ओळ लाल रंगात रंगवायची हे तर दाखवायलाच हवं. तेव्हा मी, म्हणजे अर्नो किर्बाख, ज्याने जन्मात कधी कायदा मोडला नाही, कुणाच्या तरी टेबलावरचा लाल तुकडा उचलला आणि ती ओळ तेवढी लाल पेन्सिलीने लिहिली. आराखडा आवक-जावक खात्यात लीबिशबाईंकडे गेला. लीबिशबाईंना एकवीस वर्षांत एकही कागद हरवल्याचं ठाऊक नाही. त्यांनी लाल अक्षर पाहिलं आणि त्यांच्या दृष्टीने ते साहेबांचं बोलणं झालं.

"मग काय समजायचं होतं मी?" लीबिशबाई म्हणाल्या. वही त्यांनी छातीशी धरली होती. "लाल म्हणजे साहेब. साहेब म्हणतात, सावधान, आगीचा झोत. मी लगेच आगप्रतिबंधक अधिकाऱ्यांना कळवलं. चोवीस जानेवारी, ही बघा सही. दुसऱ्याच दिवशी अंमलबजावणी."

"कसली अंमलबजावणी?"

त्यांनी हनुवटीने हॉलच्या दाराकडे दाखवलं. तिथे वाळूच्या दोन बादल्या टांगलेल्या होत्या. जानेवारीपासून. रोज मी त्यांच्याखालून जात होतो, एकदा तर डोकं आपटलं होतं.

"आणि लाल शेरा अमलात आला की स्वच्छ प्रत काढताना तो गाळायचा, हा नियम काही माझा नाही, किर्बाखसाहेब. स्वच्छ प्रतीवर सही कुणाची आहे ते बघा म्हणजे झालं."

सही माझी होती. स्वच्छ, उजवीकडे किंचित झुकलेली. मी ती प्रत वाचली असणार. निदान बघितली असणार. बेचाळीस वर्षं दुसऱ्यांच्या चुका पकडून ज्याने मला वाढवलं त्याच्या मुलाने एक कागद न वाचता सही केली, आणि त्या कागदावरून स्टेन्सिल कापली गेली, आणि त्या स्टेन्सिलने फेब्रुवारीपासून आठ हजार चारशे नळ्या रंगल्या. वापरायच्या सूचनेचं पत्रक खरं तर प्रत्येक नळीबरोबर असायचं, पण कागद नाही म्हणून पेटीमागे एक, आणि पेट्या कोठारातच राहतात. मला लीबिशबाईंचा गळा धरावासा वाटला, आणि त्याच वेळी त्यांच्या वहीतलं ते वळणदार अक्षर किती छान आहे असंही वाटलं. मला नेहमी असंच होतं. माणूस रागावला की त्याने धड रागवावं, पण माझा राग मध्येच कुठेतरी अक्षर बघायला थांबतो.

ड्रेक्सेलसाहेब ट्रंका भरत होते. कारखाना हलणार अशी कुजबुज होती. कुठे, ते कुणाला माहीत नव्हतं. त्यांनी ऐकून घेतलं. वाईट माणूस नव्हे, फक्त मोठ्या टेबलामागे बसल्यावर माणूस जितका लहान होतो तितका झालेला.

"म्हणजे तुम्ही लाल वापरलीत," ते म्हणाले.

"साहेब, प्रश्न तो नाहीये. नळ्या..."

"प्रश्न तोच आहे, किर्बाख. तुम्ही काळ्याने लिहून शेजारी 'लाल' असं लिहिलं असतंत तर आज हे झालं असतं का? नाही ना? मग!" त्यांनी दोन पुस्तकं ट्रंकेत ठेवली, एक काढलं. "दुरुस्तीचं पत्रक काढायचं तर माझी सही, संचालकांची सही. संचालक परवा गेले. कुठे गेले विचारू नका. आणि सात दिवसांत अमेरिकन इथे असतील, पाचातही असतील. आठ हजार म्हाताऱ्यांना मी पत्रं पाठवू?"

"त्यातला एक माझा बाप आहे."

मला वाटलं, आता काहीतरी बोलतील. ते म्हणाले, "मग त्यांना तोंडी सांगा ना. घरचंच आहे." आणि ट्रंक दाबून बंद करायला वळले. त्यांच्या टेबलावर ती लाल पेन्सिल पडली होती, जाड, तेलकट, धातूवरही उमटणारी, बोटभर उरलेली. मी ती उचलली. दुसऱ्यांदा. त्यांनी पाहिलं असावं. ट्रंकेचं कुलूप लावायला त्यांना फार वेळ लागला.

रंगशाळेत अजून नऊशे नळ्या पडून होत्या. तिथे छळछावणीतून आणलेल्या बायका काम करत, पट्ट्यापट्ट्यांच्या कपड्यांतल्या, कुणी पोलंडच्या, कुणी आणखी कुठल्या. त्यांच्याशी कामापलीकडे बोलायचं नाही असा नियम होता आणि तो पाळायला मला कधी जड गेला नव्हता. पहारेकरीण बाहेर सिगारेट ओढत होती. मी टोकाच्या बाईपुढे स्टेन्सिल धरली आणि हातवारे करत सांगू लागलो, इथे, खाली, लाल, एक ओळ. तिने ब्रश खाली ठेवला नाही. मोडक्या जर्मनमध्ये म्हणाली, "आधी तीन ओळ. नवीन स्टेन्सिल आली, दोन ओळ. आम्हाला माहीत."

"माहीत होतं? मग बोलली का नाहीस?" माझा आवाज चढला. खरोखर चढला, सकाळपासूनची सगळी चीड लीबिशबाईंवर नाही, साहेबांवर नाही, त्या बाईवर निघाली. "तोंड नव्हतं?"

तिने माझ्याकडे पाहिलं. तिच्या खालच्या ओठावर जुन्या माराची खपली होती. "कोण विचारलं?" ती म्हणाली, आणि पुढची नळी ओढून घेतली. ती ओळ गाळून तिचं काहीच बिघडत नव्हतं. मी तिच्या जागी असतो तर मीही ती सांगितली नसती, उलट आणखी एखादी गाळली असती. हे मला दारापर्यंत जाता जाता कळलं. दुसऱ्या दिवशी सकाळी त्या सगळ्यांना पायी पूर्वेकडे नेलं. मला सगळे आकडे लक्षात राहतात, पावलं, बोल्ट, तारखा. तिच्या छातीवरचा नंबर मात्र राहिला नाही, आणि नाव विचारायचं तर डोक्यातच आलं नव्हतं.

बुधवारी दुपारी मी बाबांकडे गेलो. त्यांची नाकेबंदी आमच्याच गल्लीच्या तोंडाशी होती: दोन ट्राम आडव्या पाडलेल्या, मध्ये फरसबंदीचे दगड, कुणाचं तरी कपाट. सात म्हातारे. न्हावी हेन्शेलने मला लांबूनच ओळखलं आणि ओरडला, "किर्बाख, अरे तुझा लेखक आला बघ! चुका घेऊन आलाय वाटतं!" म्हणजे बाबांनी सगळ्यांना सांगितलंच होतं. ते घरून आणलेल्या खुर्चीवर बसले होते, बेकरीच्या भिंतीला पाठ लावून, अगदी चिकटून. त्यांची कंबर दहा वर्षं दुखते. भिंतीपलीकडे बेकरीची भट्टी, आणि बेकरीवाला अजूनही जे मिळेल त्याचा पाव भाजत होता, त्यामुळे भिंत ऊबदार होती. सगळ्या नाकेबंदीत तेवढी एकच जागा चांगली, आणि त्यांनी ती हेरली होती. समोर ट्रामचं लोखंड, मागे विटा. रणगाड्यातल्यांना तिथला माणूस दिसलाही नसता. नळी काखेत धरली तर तिचं मागचं तोंड विटांपासून एक वीत.

"बाबा, उठा तिथून," मी म्हणालो.

"का? तुला बसायचंय?"

मी सांगितलं. पेन्सिल, बादल्या, सही, सगळं. सही सांगताना मी हेन्शेलकडे बघत होतो. बाबांनी ऐकून घेतलं, चष्मा पुसला. मला वाटलं ओरडतील. लहानपणी एका चुकलेल्या स्वल्पविरामासाठी ओरडायचे. ते म्हणाले, "छापून झाल्यावर शुद्धिपत्र घेऊन खुद्द लेखक दारात आला, हे बेचाळीस वर्षांत पहिल्यांदा बघतोय. काढ पेन्सिल."

सात नळ्यांवर मी ती ओळ लिहिली. अक्षर ठीक आलं. बाबा प्रत्येक नळी हातात घेऊन तपासत होते. तिसरीवर म्हणाले, "उद्गारचिन्ह राहिलं." मी दिलं. हेन्शेल म्हणाला, "म्हणजे मागे उभं राहायचं नाही, पुढे तर रणगाडा, मग माणसाने उभं राहायचं कुठे?" सगळे हसले. मीही हसलो, काम झाल्यासारखं वाटलं, अकरा वर्षांत पहिल्यांदा पुरं झाल्यासारखं. मग मी हळूच म्हणालो, "आता घरी चला. ठेवा ती इथेच. कंबरेचं सांगा." बाबांनी गल्लीच्या कोपऱ्यावरच्या लिंडनच्या झाडाकडे बोट केलं. गेल्या आठवड्यात तिथे आपल्याच सैनिकांनी एकाला टांगलं होतं, जागा सोडून घरी गेला म्हणून. गळ्यात पुठ्ठ्याची पाटी, 'मी भित्रा आहे'. "भित्राला दुसरी वेलांटी घातली होती हरामखोरांनी," बाबा म्हणाले. "तीन दिवस तसंच. येता जाता वाचायचं." दोरीचा तुकडा अजून फांदीला होता.

मग त्यांनी आपली नळी उचलली आणि माझी ओळ मोठ्याने वाचली, पहिल्यांदा शब्दांसाठी आणि दुसऱ्यांदा चिन्हांसाठी, जशी ते नेहमी वाचतात. "मागे किती म्हणालास?"

"तीन मीटर. पण बाबा..."

ते भिंतीपासून उठले. विटांना टाच लावली आणि मोजत निघाले, एक, दोन, लांब ढांगा, कंबर धरून. नळीची लांबीही त्यांनी धरली, ती मी सांगायची विसरलो होतो. मजकुरात एकदा असलं की बाबांसाठी ते असतं. बॉम्बहल्ल्यात छापखाना जळाला त्या डिसेंबरातही ते ओल्या प्रुफांवर खुणा करत बसले होते. तिसऱ्या ढांगेला ट्रामचं लोखंड संपलं, चौथीला दगड. ते रस्त्याच्या मधोमध रुळांवर उभे राहिले, हॅट घालून, नळी काखेत, मागे पुरेपूर मोकळं आणि पुढेही पुरेपूर मोकळं. रणगाडे येणार त्या पुलापर्यंत पार सरळ दिसत होतं. म्हणजे पुलावरूनही ते सरळ दिसत होते.

"असं?" त्यांनी विचारलं.

"बाबा, मागे या."

"मागे भिंत आहे ना! तूच लिहिलंस." ते चिडले नव्हते. मजकूर नीट लागला की जसे दिसायचे तसे दिसत होते. "चुन्याने खूण करा रे इथे," ते हेन्शेलला म्हणाले, "सगळ्यांसाठी. जागा ही."

आणि हेन्शेल खरोखरच चुना घेऊन आला. मी धावलो, माझ्या पायाने जमतं तितकं. बाबांच्या काखेतून नळी ओढून घेतली आणि अंगठ्याला थुंकी लावून ती ओळ घासू लागलो. उद्गारचिन्ह तेवढं पुसट झालं. बाकीचं तेलकट लाल नुसतं पसरत गेलं, आणखी मोठं, आणखी लांबून वाचता येईल असं. "काय करतोस?" बाबा म्हणाले आणि नळी परत घेतली. "बरोबर असलेलं खोडायचं नसतं, अर्नो." मग त्यांनी माझ्या हातातली पेन्सिलही घेतली, गुडघ्यावर नळी टेकवली, आणि गेलेलं उद्गारचिन्ह परत दिलं.